मेंढ्या उतरवायचा शनिवार

हेल्लुवीक,
८ सप्टेंबर २०२२

ओद्दूर,

मी बरा आहे. तूही असशील, नसतास तर कुणीतरी कळवलं असतं. गुडघा दुखतो, पण तो बेल्जियमपासूनच दुखतो. वारा सुटलाय. त्याचं काय सांगायचं.

फोन तू उचलत नाहीस म्हणून कागद घेतला. शाळा मी चौदाव्या वर्षी सोडली ती बोटीवर जायला, त्यामुळे अक्षराबद्दल बोलू नकोस. लागेल तेवढं वाच.

गावात नवीन काही नाही. दुकान तेच, चर्चचं छप्पर पुन्हा उडालं. गेल्या आठवड्यात पेपरवाली एक पोरगी आली होती. तुम्हाला फुटबॉलमध्ये चव्वेचाळीस वर्षं झाली, पानभर लिहायचंय, म्हणाली. मी म्हणलं, पानभर कशाला, चार ओळीत होतं. बेल्जियममध्ये नऊ वर्षं बॅक म्हणून खेळलो, स्कॉटलंडात तीन. देशासाठी एकतीस मॅच, त्यातल्या बावीस हरलो. मग कोच झालो. उत्तरेकडचे दोन क्लब वर चढवले, एकानं मला हाकललं, दुसऱ्याला मी सोडलं. नॉर्वेतलं एक वर्ष धरू नकोस. आणि आता सहा वर्षं आपल्या गावचा क्लब, शेवटून दुसऱ्या डिव्हिजनमधला, ज्याचा गोली शाळेची बस चालवतो आणि गोल करायला पुढं खेळणारा दिवसभर कॉड मासा सोलतो. झालं, म्हणलं, लिही.

तर ती विचारते, पहिली संधी कशी मिळाली? म्हणजे अगदी सुरुवात?

मी म्हणलं, कॉफी संपली, ऊठ आता.

बरं, मुद्द्याचं. १७ तारखेला, शनिवारी, आमची शेवटची मॅच. एक बरोबरी मिळाली तर राहतो, हरलो तर सगळ्यात खालच्या डिव्हिजनमध्ये. आणि त्याच शनिवारी उन्हाळाभर डोंगरावर चरलेल्या मेंढ्या खाली उतरवायच्यात. माझी पाच पोरं शेतावरची, त्यांच्या त्यांच्या घरची पाळी आहे. मॅचची तारीख बदला म्हणून फुटबॉल संघटनेला कळवलं. उत्तर आलं, शेवटच्या फेरीच्या सगळ्या मॅच एकाच वेळी होतात.

क्लबची अध्यक्ष हेर्दिस आहे, फिश प्लँट चालवते तीच. तिनं मला ऑफिसात बोलावलं. गेलो. पोरांच्या घरी सांग, या वेळी दुसऱ्या कुणाला तरी डोंगरावर पाठवा म्हणाव, असं तिचं म्हणणं. मी म्हणलं नाही सांगणार. ज्याची पाळी त्यानं जावं. माझ्याकडं बघून हसली.

"तू गेला होतास का तुझ्या वेळी?" म्हणाली. "तू तर विमानात बसला होतास."

मी दार आपटून आलो. त्या दाराची कडी आधीच नीट लागत नव्हती, ते माझ्यावर नको.

का नाही म्हणतोस, ते तरी सांग, असं ती मागून ओरडली. सांगितलं नाही. खाली गेलो तर मला काढणार म्हणे. काढू दे. मला तीन देशांतून काढलंय, काढून घ्यायची सवय आहे.

हे तुला का कळवतोय माहीत नाही. उत्तर नको.

बेर्गुर


हेल्लुवीक,
१९ सप्टेंबर

ओद्दूर,

हरलो. एकास तीन. आता दुसऱ्या कुणाकडून ऐकायची गरज नाही.

पण त्याच्या आधीचा मंगळवार सांगायला पाहिजे. तो सांगायलाच बसलोय. मॅच बहाणा आहे.

माझा कॅप्टन सिंद्री. चांगला पोरगा, डोकं थोडं कमी वापरतो. मंगळवारी संध्याकाळी मी पोहायच्या तलावावर गेलो, गुडघा शेकायला, तर गरम पाण्याच्या कुंडात चावडी भरलेली. हेर्दिस, तिचा नवरा, बेकरीवाला, सिंद्री, आणि म्हातारा गिस्ली. गिस्ली अठ्ठ्याऐंशीचा झाला, कानानं कमी ऐकतो, पण कुंड चुकवत नाही. मी पाय पाण्यात सोडला नाही तोच सिंद्री म्हणाला, कोच, काळजी करू नका, मी शनिवारी खेळतोय. डोंगरावर माझ्या जागी धाकटा भाऊ जाईल.

हेर्दिसनं माझ्याकडं असं पाहिलं, जसं काही तिनंच माझं काम करून दिलं.

मी विचारलं, "त्याला विचारलंस?"

"आईला सांगितलंय तो जाणार म्हणून."

"त्याला विचारलंस का?"

"सांगीन की. तो बोटीवर आहे, शुक्रवारी येईल. एका दिवसाचा तर प्रश्न आहे, कोच."

ओद्दूर, मी त्या पोराच्या कानाखाली मारणार होतो. हात वर गेलाही होता. मग तो खाली घेतला आणि बोललो. गिस्लीला ऐकू जावं म्हणून मोठ्यानं बोलावं लागलं, त्यामुळे मुलांच्या तलावातल्या आयांनीही ऐकलं. आता बरंच झालं ते.

सांगितलं ते हे. अठ्ठ्याहत्तर साली गुरुवारी दुपारी दुकानात माझ्यासाठी फोन आला. सोमवारी बेल्जियमला ट्रायल, शनिवारी सकाळी विमान. आणि शनिवारीच मेंढ्या. आपले आबा म्हणाले, तुझ्या जागी कोण? मी म्हणलं, ओद्दूर. ते म्हणाले, विचारलंस त्याला? मी म्हणलं, विचारलंय, शनिवारी दुपारपर्यंत वरच्या झोपडीवर येतो म्हणालाय.

तू तेव्हा समुद्रावर होतास. तुला मी विचारलं नव्हतं. बंदरावर चिठ्ठीही ठेवली नाही. इतकी वर्षं मनाला सांगत आलो की गडबडीत राहून गेलं. राहून गेलं नव्हतं. तू नाही म्हणाला असतास तर मला थांबावं लागलं असतं, म्हणून विचारलं नाही. एवढीच गोष्ट आहे, यात गुंतागुंत काही नाही.

पुढचं तुला माझ्यापेक्षा जास्त माहीत आहे. बाकीचे मेंढ्या घेऊन खाली आले आणि आबा त्या झोपडीवर बसून राहिले, माझा पोरगा येतोय म्हणून. ओला बर्फ, रात्रभर. बोटीवरून परतल्यावर तूच त्यांना खाली आणलंस. अकरा दिवसांनी छातीत कफ भरून गेले.

गिस्ली तेव्हा डोंगरराजा होता, कुणी कुठल्या घळीतून यायचं ते तोच ठरवायचा. मी बेल्जियमहून दुकानात फोन केला तेव्हा फोनवर तोच आला. म्हणाला, ओद्दूर म्हणतो त्याला कुणी काही सांगितलंच नव्हतं, खरं काय? मी म्हणलं, सांगितलं होतं. त्याच आठवड्यात मी तिकडच्या क्लबच्या कागदावर सही केली. मयताला आलो नाही. मॅच होती.

तू एकोणीस वर्षांचा होतास. तू खरं बोलत होतास आणि अख्ख्या गावानं तुला खोटं पाडलं, माझ्या दोन शब्दांवर. मी तिकडं बॅक खेळत होतो, पेपरात फोटो येत होते, आणि तू हिवाळ्यात सामान बांधून सेल्फॉसला गेलास गॅरेजमध्ये. एकतीस मॅच देशासाठी. हं.

सिंद्री पाण्याकडं बघत होता. मग हेर्दिस हळू आवाजात म्हणाली, हे आत्ता कशाला?

"का नाही म्हणतोस, असं तूच विचारलं होतंस," मी म्हणलं.

गिस्लीनं दोन्ही हातांनी कठडा धरला. उठायला त्याला वेळ लागतो. बेकरीवाल्यानं हात पुढं केला तो त्यानं घेतला नाही.

"बापाच्या मयताला त्या पोरानं माझ्यापुढं हात केला होता," तो म्हणाला. "मी माझा खिशात ठेवला."

एवढं बोलून पंचा घेऊन गेला. माझ्याकडं पाहिलंसुद्धा नाही. बरोबर केलं.

शनिवारी पाचही पोरं डोंगरावर गेली, सिंद्री सगळ्यात पुढं. मी उरलेल्यांत बेकरीवाला घेतला, गणिताचा मास्तर घेतला, आणि राखीव म्हणून बाकावर बसायला स्वतःचं नाव नोंदवलं. नियमात बसतं, तपासून घे. वारा पाठीशी घेऊन पहिल्या अर्ध्यात एक गोल खाल्ला. वारा तोंडावर असताना एक केला, तोही मास्तरनं. हे कुठल्या पुस्तकात लिहिलेलं नाही. सत्तराव्या मिनिटाला एक-एक होतं आणि बेकरीवाल्याच्या पोटरीत गोळा आला. मग मी उतरलो. पासष्टाव्या वर्षी. त्यांच्याकडचा कुणीतरी ओरडला, आजोबा, काठी विसरलात. मी पहिला चेंडू डोक्यानं असा मारला की थेट त्याच्या कॉफीत गेला. बावीस जण हसले, रेफरी धरून तेवीस.

त्यानंतरचे दोन्ही गोल माझ्याच बाजूनं गेले. वळायला वेळ लागतो आता. गोल माझ्यामुळे गेले, डिव्हिजन माझ्यामुळे गेली. ते मी मैदानातच सगळ्यांसमोर बोललो, कुणाला शोध घ्यायचं काम ठेवलं नाही.

रविवारी मेंढ्या वाड्यात आल्या. सगळं गाव तिथं, गुडघाभर चिखल, ज्याची त्याची खूण बघून ज्याच्या त्याच्या कप्प्यात ओढणं चाललेलं. सिंद्रीचा घसा बसलेला. त्यानं बोटांनी विचारलं, किती? मी बोटांनीच सांगितलं. त्यानं मान हलवली आणि एका मेंढ्याची शिंगं माझ्या हातात दिली, धरा म्हणून. बाकीच्या चौघांनी तेवढंही केलं नाही, त्यातल्या एकाचा बाप माझ्या पायाशी थुंकला. धरलं मी मेंढं. त्याला काय झालं.

हेर्दिस थर्मासमधून मटणाचं सूप वाटत फिरत होती. मला दिलं नाही आधी. मग दिलं.

"उद्या राजीनामा आणून दे," म्हणाली.

"नाही देणार. ऑक्टोबरात सभा आहे. हात वर करून काढा."

"काढू."

"काढा की. मग मी कुंपणाबाहेर उभा राहून ओरडीन. तिथून जास्त ऐकू जातं."

ती खरंच काढेल. निम्मं गाव हात वर करेल, आणि त्यांचं चूक आहे असं मी म्हणणार नाही. पण पुन्हा तीच मॅच आली, तोच शनिवार आला, तर पुन्हा पाचही पोरं वर पाठवीन. सगळ्यात खालच्या डिव्हिजनमध्येही गवत हिरवंच असतं.

आता तुझं. मी माफी मागत नाही. चव्वेचाळीस वर्षांनी मागितलेली माफी म्हणजे मागणाऱ्याचीच सोय. तुझी गेलेली वर्षं मला परत देता येत नाहीत, तर उगाच कागद ओला कशाला करायचा. तू खरं बोलत होतास, हे गावाला मोठ्यानं सांगायचं होतं, ते सांगितलं. पेपरवाल्या पोरीलाही काल फोन करून सांगितलं. पान छापायच्या आधी सुरुवात नीट लिही म्हणलं. ती म्हणाली, नक्की छापू? मी म्हणलं, तेच छाप, बाकीचं गाळलंस तरी चालेल.

गिस्ली सकाळी दारात आला होता. आत ये म्हणलं, आला नाही. तुझा पत्ता मागितला. दिला. काय लिहील माहीत नाही, त्याचं अक्षर माझ्यापेक्षा वाईट.

एक ऑक्टोबरला दुसरी फेरी आहे, मागं राहिलेल्या मेंढ्या शोधायची. आपलं शेत कधीच विकलं गेलं, आपल्यावर पाळी नाही. तरी दुकानात जाऊन यादीत मी नाव लावलं, वरच्या झोपडीच्या घळीसाठी. तिथं दोन माणसं लागतात. आता डोंगरराजा गिस्लीचा नातू आहे. तो पेन धरून म्हणाला, दुसरा कोण लिहू? नाव जिभेच्या टोकापर्यंत आलं होतं. मी म्हणलं, ती ओळ रिकामी ठेव.

तुझं नाव दिलेलं नाही, ओद्दूर. विचारतोय. येतोस का?

नाही म्हणालास तर नाही. त्या ओळीवर दुसऱ्या कुणाला बसू देणार नाही, आणि तुझी वाट बघत झोपडीवर कुणी बसणार नाही. मी मेंढ्या घेऊन खाली येईन.

तुझा मोठा भाऊ, ज्याला हे दोन शब्द लिहायचा हक्क आहे की नाही ते तू ठरव,

बेर्गुर