समोरच्या घराचे पान

मी, निवृत्त प्राध्यापक, वय एकोणऐंशी, हे मृत्युपत्र स्वहस्ते व स्वखुशीने लिहीत आहे. माझी बुद्धी शाबूत असल्याचा दाखला सोबत जोडला आहे. तो मुद्दाम शहरातल्या डॉक्टरांकडून घेतला. गावातले डॉक्टर येथील पाणीपुरवठा समितीत आहेत.

१. राहते घर व बँकेतील ठेव पुतण्यास मिळावी. माझ्या दिवंगत पत्नीचे कपाट मात्र त्याने उघडू नये. ती जाऊन तीन दिवस होत नाहीत तोच तो म्हणाला, "काका, काकूंची ती जुनी वही रद्दीत देऊ का? उगीच वाळवी लागायची." वाळवीची एवढी काळजी त्याला पूर्वी कधी नव्हती.

२. पत्नी येथे अडतीस वर्षे परिचारिका होती. सदर वहीत तिने केलेल्या बाळंतपणांच्या नोंदी आहेत. प्रत्येक घरास एक पान आणि माथ्यावर ते कुटुंब मूळ कोठून आले, ते. धरणात गावे बुडाली तेव्हा येथील निम्मी घरे डोक्यावर बोचकी घेऊन आली. आज हे कोणालाच आठवत नाही. कारखान्यामागच्या पत्र्याच्या चाळीला नळ नाकारताना समितीने कारण लिहिले आहे : "ते मूळचे नाहीत."

३. समितीचे अध्यक्ष भेटायला आले. "सर, बाईंच्या हाताला गुण होता हो. मी त्यांच्याच हातचा." मग कपाटाकडे पाहत, "ती वही कुठे असते?" चहा निवेपर्यंत तीनदा विचारले. वहीतले पहिले पान त्यांच्याच घराचे आहे. बोचकी सुटण्याआधीच, शाळेच्या ओसरीत त्यांचा जन्म झाला.

४. वही नाहीशी केली जाईल, याविषयी मला शंका नाही. म्हणून सर्व पानांच्या प्रती शहरातून काढून वकिलांकडे ठेवल्या आहेत (गावातला झेरॉक्सवाला अध्यक्षांचा मेहुणा). त्या वाटताना कोणालाही स्वतःच्या घराचे पान देऊ नये. समोरच्या घराचे द्यावे. स्वतःचे पान लोक जाळतील, समोरच्याचे जिवापाड जपतील. अध्यक्षांचे घर आमच्या समोर आहे. आमच्या पानावर एकही जन्म नाही. आम्ही दोघे कोठून आलो, एवढेच आहे. ते त्यांनी खुशाल ठेवावे. त्यांचे पान पुतण्याकडे येईल. दोघांचे हल्ली गूळपीठ असल्याने त्याची जादा प्रत वकिलांनी ठेवावी.

५. प्रती वाटून झाल्यावरच, आधी नव्हे, मूळ वही पत्र्याच्या चाळीतील नर्सबाईंना द्यावी. माझा त्यांच्यावर पुरता भरवसा नाही, पत्नीचा होता. चाळीतील बाळांच्या नोंदी त्यांनी लगेच पुढच्या पानापासून सुरू कराव्यात. मध्ये एकही पान कोरे सोडू नये.

ठिकाण : राहते घर, दार आतून लावून.
दिनांक : पत्नीच्या निधनानंतरचा एक्केचाळिसावा दिवस.
सही : (निवृत्त प्राध्यापक)
साक्षीदार : १. शहरातील दातांचे डॉक्टर २. वकिलांचे टंकलेखक
दोघेही या गावचे नाहीत, आणि तसा दावाही करीत नाहीत.