बंद फुग्याचा मासा आणि माझ्या मागचं वाटप

ऋतुजाची सोयरीक माझ्यामुळं मोडली असं जे आबा तुम्ही अजून सांगून राहिलात, ते मला पूर्ण मान्य नाही. अर्धी माझ्यामुळं मोडली. अर्धी तुमच्या 'इंजिनिअर'मुळं मोडली. मी कधी म्हणलो होतो का, मी इंजिनिअर आहे म्हणून? आठवीत दोनदा बसून शाळा सोडलेला माणूस इंजिनिअर कसा होईल? आणि वर फोनवर म्हणालात, "तुझ्या वासानं पोरीचं घर बसलं." कारवारचा वास अहमदपूरपर्यंत येत नसतो, आबा.

ते असू द्या. हा कागद भांडायला घेतला नव्हता.

मी, दयानंद किशनराव कानवटे, वय पंचवीस, धंदा गळाच्या बोटीवर खलाशी, मूळ राहणार मौजे धानोरवाडी, तालुका अहमदपूर, जिल्हा लातूर, हल्ली मुक्काम कारवार बंदर, आज दारू न पिता, अंगात ताप नसताना, मागं उभं राहून कुणी सांगत नसताना, माझ्या हातानं लिहून ठेवतो की माझ्या मागं माझं काय कुणाला जावं. शुद्धलेखनाकडं पाहू नये. परवा मासेमारीची बंदी उठते आणि बोट पंधरा-पंधरा दिवस आत जाईल. मागच्या मोसमात शेजारच्या बोटीवरचा एक जण परत आला नाही, त्याच्या घरचे अजून भांडतात. म्हणून मालकानं सगळ्यांना असा कागद लिहून पेटीत ठेवायला सांगितला. बाकीच्यांनी चार ओळी लिहिल्या. माझं लांबलं.

कलम पहिलं, जमीन. वडिलोपार्जित जमिनीत माझा जो काही हिस्सा निघंल तो माझी बहीण ऋतुजा हिला जावा. कायद्यानं बसतं का नाही मला माहीत नाही, माझ्या मनात काय आहे ते लिहिलं. मी त्या जमिनीत कधी नीट राबलो नाही. चाकणला दोन कंपन्या, मग हैदराबादचं गोडाऊन, मग सुरत, सगळीकडून पळून आलो. "ह्याचं बूड एका जागी टिकत न्हाई," हे मायचं बोलणं खरं आहे. बोटीवर टिकलो कारण तिथून पळायला जागा नसते.

कलम दुसरं, बँकेतली शिल्लक. ती माझी आई साखराबाई हिला जावी. तिच्याच हातात द्यावी, आबांच्या, म्हणजे वडलांच्या, हातात देऊ नये. कारण सांगतो. मारुतीच्या सभामंडपाला मागच्या साली जो रंग लागला तो माझ्या पैशानं लागला. त्या पैशाला वास आला नाही. पण त्याच दिवाळीला मी घरी आलो तर मायनं आंघोळीचं पाणी अंगणात, हौदापाशी काढलं होतं, नवे कपडे दारातच हातात दिले आणि ताट ओसरीवर वाढलं. आबांच्या गळ्यात माळ आहे, मला कळतं. मायचा राग नाही. ती वाढताना माझ्याकडं पाहत नव्हती, आणि मी पण ताटातून मान वर केली नाही. दोघं एकमेकांना लाजून राहिलो होतो. त्यामुळं यंदा बंदीच्या दोन महिन्यात सगळे गावी गेले तरी मी गेलो नाही. बोटीचा तळ खरवडत बसलो. फोनवर 'काम हाय' म्हणून सांगितलं.

मोटारसायकल व्यंकटीकडं आहे, ती त्यालाच राहू द्यावी. चुलतभाऊ आहे, आणि तसंही तो परत देणार नाही. फक्त त्यानं मी नेव्हीत आहे असं पारावर सांगणं बंद करावं. परवा कुणीतरी भरतीचं विचारायला मला फोन केला होता.

कलम तिसरं, सुई. हे नीट वाचावं.

माझ्या पेटीत कापडात गुंडाळलेली एक पोकळ सुई आहे, जनावराच्या डॉक्टरकडं असते तशी. ती आमच्या बोटीचे तांडेल विरूपाक्षमामा यांना जावी. बोट तेच चालवतात, तेव्हा माझ्या मागं सुईवर कुणाला बसवायचं तेही त्यांनीच ठरवावं. जो बसंल त्याला खालची हकिगत वाचून दाखवावी.

आम्ही गोबरा मासा गळावर धरतो, जिवंत. मोठ्या हॉटेलात काचेच्या टाकीत ठेवतात, त्याला मेलेल्यापेक्षा भाव जास्त. खोल पाण्यातून गोबरा वर ओढला की त्याचं पोट टम्म फुगतं, डोळे बाहेर येतात आणि तोंडातून गुलाबी फुग्यासारखं काहीतरी लोंबतं. तसाच टाकीत सोडला तर उलटा तरंगतो. म्हणून त्याला सुई मारून हवा काढायची. मी आलो तेव्हा सगळे त्या तोंडातल्या फुग्यालाच सुई मारायचे. मला पण तसंच शिकवलं, मी पण तसंच मारलं, आणि माझा हात हलका म्हणून ते काम माझ्याकडंच आलं. मासे दोन-तीन दिवस जगायचे आणि मरायचे. मालक पाणी बदलायचा, औषध टाकायचा, पाणीवाल्याला शिव्या द्यायचा.

तेव्हा मी ऋतुजाला व्हिडिओ पाठवला. ती नांदेडला बीएस्सीला, खोली करून राहायची. मी विचारलं, ह्याला कोणता रोग आहे? ती दोन दिवसांनी मॅडमला विचारून बोलली.

"दादा, रोग न्हाई. हा मासा फायसोक्लिस्ट हाय."

"म्हणजे काय गं?"

"फायसो म्हणजे फुगा, क्लिस्ट म्हणजे बंद. माशाच्या पोटात हवेचा फुगा असतो, त्याच्यावर तो पाण्यात तोलून राहतो. आपल्या पाझर तलावातला रोहू-कटला हाय ना, त्याच्या फुग्यातून घशापर्यंत नळी असते. हवा जास्त झाली की तोंडातून सोडून देतो. त्याला फायसोस्टोम म्हणतात. गोबऱ्याला ती नळीच नसते. त्याची हवा रक्तातून हळूहळू जिरते. तुम्ही त्याला एकदम वर ओढता, मग जिरणार कधी? फुगा आत फुगतो आणि जठराला ढकलून तोंडातून बाहेर काढतो."

"मग तो तोंडातला फुगा?"

"तो फुगा न्हाईच. जठर हाय त्याचं. दादा, तू दीड वर्ष झालं त्याच्या पोटाला भोकं पाडून राहिलास."

मला त्या दिवशी जेवण गेलं नाही. हात हलका म्हणून मला मान होता, तो हलका हात काय करत होता! पण ती पोरगी हसली नाही. तिनं चित्र काढून पाठवलं. छातीच्या पराच्या मागं, एक खवला उचलून, सुई तिरपी, आत थोडीच घालायची. फुस्स आवाज आला की थांबायचं. तोंडातल्या जठराला हात लावायचा नाही, ते आपोआप आत जातं. तेव्हापासून आमच्या टाकीत मासा जगतो. बोटीवर आता सगळे तो शब्द म्हणतात. विरूपाक्षमामा गळ वर आला की ओरडतात, "दया, नळीवाला की बंदवाला?" खोलात नळीवाला कुठून येणार, पण त्यांना विचारायला आवडतं.

आता सोयरिकीचं लिहितो, कारण ते आबांनी सगळ्यांना त्यांच्या बाजूनं सांगितलं आहे.

मे महिन्यात औशाचे पाहुणे ऋतुजाला पाहायला आले. कोंडाआत्यानं स्थळ आणलं होतं. आबांचा आदल्या दिवशी फोन, व्हिडिओवर यायचं आणि पांढरा शर्ट घालायचा. माझ्याकडं पांढरा शर्ट नाही. बोटीवरच्या सोमेशनं त्याचा दिला, त्याच्या लग्नातला. बोट बेटाजवळ होती, रेंज होती. मी इंजिनापुढं उभा राहिलो, कारण आबांनी इंजिन दिसलं पाहिजे म्हणून सांगितलं होतं.

आबा म्हणाले, "हा आमचा दयानंद. जहाजावर इंजिनिअर हाय."

मुलाचे मामा आनंदराज, ते मास्तर आहेत, म्हणाले, "नेव्हीत का व्यापारी जहाजावर?"

"तसंच काहीतरी," आबा म्हणाले.

ऋतुजा पाहुण्यांपुढं खुर्चीत बसली होती. तिला कुणी काही विचारलं नव्हतं. ती म्हणाली, "मासे धरतो दादा. फायसोक्लिस्ट माशांवर काम हाय त्याचं."

माय आतून खोकली. मास्तर म्हणाले, "कशावर काम?" मग तिनं सगळं सांगितलं, फुगा, नळी, जठर. मास्तर हसले. वाईट नाही हसले, पण हसले.

"हुशार हाय पोरगी. पण बाळा, ह्या शब्दाचा घरात उपयोग काय?"

"घरात न्हाई, बोटीवर हाय. आधी मासे मरायचे, आता जगून राहिलेत. दादा, दाखव ना मामांना."

त्याच वेळी विरूपाक्षमामांनी गोबरा वर घेतला होता. आबा, मी नाही म्हणायला पाहिजे होतं. तुमचा चेहरा फोनच्या कोपऱ्यात दिसून राहिला होता. पण आजपर्यंत आपल्या घरात, 'दाखव, तू काय करतोस' असं मला कुणी म्हणलं नव्हतं. मी मासा उचलला आणि फोनपुढं धरला.

"अगं बया!" कोंडाआत्या ओरडली. "ती जीभ हाय का आतडं?"

"जठर हाय, आत्या," ऋतुजा म्हणाली.

मुलाच्या आईनं पोह्याची ताटली खाली ठेवली आणि पदर तोंडाला लावला. मी खवला उचलून सुई घातली. हवा निघाली, ते जठर आत सरकलं, मासा टाकीत सोडला तर सरळ खाली गेला. सोमेशच्या शर्टावर रक्त उडालं होतं. फोनमध्ये पाहिलं तर तुम्ही टोपी काढून गुडघ्यावर ठेवली होती आणि खाली पाहून राहिला होता. पाहुणे 'कळवतो' म्हणून उठले.

मला लाज याची नाही की मी मासे धरतो. आधी होती. आता लाज याची आहे की त्या पाच मिनिटात मला लई आनंद झाला होता, आणि त्याची किंमत ऋतुजानं भरली. तुम्ही नांदेडला जाऊन तिची पेटी उचलून आणली. म्हणालात, "असले शब्द शिकायला खोली करून ठेवायची का?" तेव्हापासून ती घरात आहे, आणि मी फोनवर तिला काय बोलावं हे मला कळत नाही. ती म्हणते, "तू कशाला रडतो? मला ते स्थळ तसंही पसंत नव्हतं." पण कॉलेजचं विचारलं की फोन मायकडं देते.

माझा फोन ऋतुजाला जावा. त्यात माशांचे व्हिडिओ आहेत, तिच्या अभ्यासाला लागतील. सोमेशचा शर्ट तीनदा धुतला तरी डाग आहे. त्याला नवा घेऊन द्यावा आणि जुना पण द्यावा, कारण तो लग्नातला आहे.

मी समुद्रात गेलो आणि सापडलो नाही तर उगीच शोधायला कुणी येऊ नये. सापडलो तर गावी न्यावं. बाहेरच्या बाहेर उरकू नये, एकदा उंबऱ्याच्या आत घ्यावं, वास आला तर उदबत्ती लावावी. पेपरात बातमी दिली तर 'खाजगी नोकरी' लिहू नये. 'मासे धरत होता' असं लिहावं. बाकी दहावं-तेरावं आबांना जसं पटेल तसं. त्यात माझं काही म्हणणं नाही.

वरचं सगळं मी माझ्या मर्जीनं लिहिलं. साक्षीदारांना वाचून दाखवलं. विरूपाक्षमामांना मराठी अर्धवट कळतं, त्यांना कानडीत समजावून सांगितलं. जठराच्या जागी दोघं हसले, सोयरिकीच्या जागी हसले नाहीत. त्यांच्यासमोर मी सही केली आणि माझ्यासमोर त्यांनी केली.

साक्षीदार १. विरूपाक्ष, तांडेल (सही कानडीत)
साक्षीदार २. सोमेश, खलाशी (सही)

सही, दयानंद किशनराव कानवटे
कारवार बंदर, बुधवार, ३० जुलै २०२५

सहीच्या खाली अजून एक. हा कागद मी मेल्यावर पेटीतून काढायचा आहे, पण ऋतुजाचं तिसरं वर्ष माझ्या मरणासाठी थांबणार नाही. प्रवेशाची मुदत सोमवारी संपते. म्हणून ह्या कागदाचा फोटो आजच तिच्या फोनवर टाकतो. तिनं आबांना समोर बसवून मोठ्यानं वाचून दाखवावा, फायसोक्लिस्टची जागा सोडू नये. आबा, ऐकून झाल्यावर काही बोलू नका, तिची पेटी तेवढी अहमदपूरच्या स्टँडपर्यंत उचलून द्या, तिला जड होते. कॉलेजची फी आणि नांदेडच्या खोलीचं भाडं तिच्या एकटीच्या खात्यावर आज पाठवून राहिलो, रक्कम रुपये एकतीस हजार चारशे फक्त.