माझ्या नावावरचा गोलकीपर

३ तारीख, सोमवार
मला बाहेर बसवलं. गोदामाच्या फुटबॉल टीमचा गोलकीपर मी, आणि मुकादमानं माझा शर्ट त्या नव्या पोराला दिला – टोपीवाल्या मुक्याला. म्हणे, "ऑफिसात यादी तुझ्या नावानं गेलीय, आता बदलत नाही. नाव तुझं, खेळेल तो."
कप जिंकणाऱ्या टीमला दहा दिवस भरपगारी सुट्टी. दोन वर्षं घरी गेलो नाही मी. विचारलं, सुट्टी कोणाला मग? "आधी जिंकू तर दे." वर पाठीवर थाप. हात झटकला त्याचा.

६ तारीख
मुक्यानं आज सात गोल अडवले. मी बाटल्या भरत होतो. जेवलो नाही.

९ तारीख, रविवार
सेमीफायनल जिंकलो. म्हणजे ते जिंकले.
नंतर नळामागे मुका फोनवर बोलताना सापडला – बाईच्या आवाजात! "आजीला छळू नकोस गं. दात घासलेस?" मला बघून टोपी काढली. पॅकिंगला खोके चिकटवते, ती. मी म्हटलं, सांगतो सगळ्यांना. ती म्हणाली, "सांग. तू सोडून सगळ्यांना माहितीय."

१० तारीख
खरंय. खोलीतल्या पाचांना, चहावाल्यालासुद्धा. "तुझ्या तोंडात तीळ भिजत नाही, म्हणून नाही सांगितलं." आणि हसतात वर. नालायक.
तिला म्हटलं, बायकांच्यात खेळ की. "बायकांना संगीत खुर्ची. जिंकलं की साबणाची वडी. तीन वर्षं पोरीला बघितलं नाही मी, वडी घेऊन जाऊ तिच्याकडे? मुकादमानं सुट्टी कबूल केलीय मला."
तिचं पटलं. त्याचाही राग आला.

१६ तारीख, रविवार
कप जिंकला. शेवटची पेनल्टी तिनं अडवली, बोट सुजलं. टाळ्या वाजवायच्या नव्हत्या. वाजवल्या.

१७ तारीख
भिंतीवर सुट्टीची यादी. अकरावं नाव माझं. तिचं कुठेच नाही. मुकादमाला गाठलं. "पुरुषांचा कप आहे, बाईला सुट्टी कशी लावू? तुला फुकट मिळतेय ना, मग गप घरी जा. तिला दोन वड्या जास्त देऊ." दात काढून हसला.
ती सुजल्या बोटानं खोके चिकटवत होती. माझ्याकडे बघितलंसुद्धा नाही. आईचा फोन आला. उचलला नाही.

१८ तारीख
ऑफिसात सांगून आलो – गोलवर मी नव्हतो, ती होती. खोट्या नावानं खेळवलं म्हणून अकराही सुट्ट्या रद्द. खोलीत कोणी बोलत नाही. ती म्हणाली, "झालो बघ सगळे सारखे." आणि पुढचा खोका ओढला.