पश्चिम जर्मनी आणि चांद्याचा बांध

१२ जानेवारी, सोमवार

पश्चिम जर्मनी! मला पश्चिम जर्मनी मिळाला!

ज्ञानदा मॅडमनी वर्गात चिठ्ठ्या फिरवल्या. आता महिनाभर आमचा एम.ए.चा वर्ग म्हणजे १९९० सालची ती वाटाघाट — दोन जर्मनी आणि युद्ध जिंकलेले चार बडे देश, एका टेबलाशी. जर्मनीनं एक व्हायचं का, कुठल्या अटींवर, सैन्य किती, हद्द कुठं. दोन बैठका. जो सगळ्यांत चांगला लढेल — मॅडम म्हणाल्या, 'लढेल' नको, 'बोलेल' म्हणा — त्याला जर्मनीत, बॉनला, एक सेमिस्टर. जागा एकच.

ती माझी आहे. हे मी आजच लिहून ठेवते.

उत्कर्षाला सोव्हिएत युनियन. ती पुण्यातली, वादविवादाच्या करंडकांनी कपाट भरलेली. चिठ्ठी उघडून अशी हसली की जणू रणगाडे आमच्या लवळ्याच्या कॉलेजच्या पार्किंगमध्येच लावून आलीय. अफिफाला पोलंड. बिचारी! खऱ्या वाटाघाटीत पोलंडला एकाच बैठकीला बोलावलं होतं. मॅडमनी मात्र त्याला दोन्हीकडे खुर्ची दिलीय. बसू दे!

१३ जानेवारी

संध्याकाळी गावी, चांद्याला, आबा मेंढरं कोंडून आले, तेव्हा त्यांना सगळं सांगितलं. आबांना गोष्ट सांगायची म्हणजे ते मध्येच असं काही विचारतात की प्राध्यापकाचीही पंचाईत व्हावी.

"हारलेला गडी टेबलाशी बसला कसा?"

म्हटलं, आबा, पंचेचाळीस वर्षं वागून दाखवलं त्यांनी. ज्या फ्रान्सशी तीन युद्धं केली त्याच्याशी कोळसा आणि पोलाद सामाईक केलं. सैन्य उभं केलं ते मित्रांच्या हुकमाखाली. पूर्वेकडच्या शेजाऱ्यांशी एकेक करार करत गेले. कारखाने वाढले, पैसा आला, पण आवाज चढवला नाही. आबा तंबाखू मळता मळता म्हणाले, "म्हंजी पाटील हाय, पन पाटीलकी करत न्हाई."

सहाशे पानांच्या पुस्तकात हे एवढं स्वच्छ कुणी लिहिलेलं नाही!

मग विचारलं, "शेजारी किती त्येला?" एक झाल्यावर नऊ, म्हटलं. "नऊ! मला एक हाय, त्योच झेपंना."

तो एक म्हणजे गेणबातात्या. आबांचे सख्खे थोरले भाऊ, माझे चुलते. एकोणीस वर्षांपूर्वी ओढ्याला पूर आला, दोघांच्या रानांमधला बांध वाहून गेला, आणि तात्यांनी नवा बांध घातला तो आमच्या बाजूला सरकवून. असं आबा म्हणतात. तात्या म्हणतात, होता तिथंच घातला. आबांनी तलाठ्याकडे हरकत नोंदवली, ती अजून तशीच आहे. तेव्हापासून दोघं एकमेकांशी अक्षर बोलत नाहीत. घराची दारं समोरासमोर!

१९ जानेवारी

पाच दिवसांत नऊशे पानं. डोळे चुरचुरतायत. उत्कर्षा कॅन्टीनमध्ये विचारत होती, "तुझ्याकडे मूळ कागदपत्रं इंग्रजीतून आहेत ना?" नाही गं बाई, मोडीतून आहेत!

२३ जानेवारी, शुक्रवार

आज पहिली बैठक. पार आडवी झाले. लिहायलाही लाज वाटते, पण लिहिते.

मी हुशारी करायला गेले. युद्धानंतर जर्मनीचा जवळजवळ पाव मुलूख पूर्वेकडे गेला, तो बराचसा पोलंडकडे. तिथून लाखो जर्मन हाकलले गेले. त्यांची मतं जाऊ नयेत म्हणून खरा चॅन्सेलर कित्येक महिने हद्दीबद्दल गुळमुळीत बोलत राहिला. म्हणून मीही गुळमुळीत बोलले. वाटलं, पत्ता हातात ठेवावा. शेवटी टाकू.

अफिफा उठली. "वैभवी, तू बारा मिनिटं बोललीस. माझ्या हद्दीवर एक वाक्य नाही." आणि सरळ वर्गाबाहेर गेली! पोलंड गेला निघून! त्यावर उत्कर्षा, अगदी मऊ आवाजात — "शेजाऱ्याला जो हद्द सांगत नाही, त्याच्या भरवशावर मी माझं सैन्य मागे घ्यायचं?" ब्रिटन हसला. फ्रान्सनंही मान डोलावली. पूर्व जर्मनी झालेला पोरगा तर बाकाखाली मोबाईल बघत होता.

मॅडम फक्त म्हणाल्या, "पोलंडला काय हवंय, हे तू पोलंडला विचारलंस का?"

घरी येऊन आईवर चिडले. उगाच. भाकरी करपली म्हणून.

२५ जानेवारी, रविवार

सापडलं!!

आबांना ताप होता, म्हणून सकाळी मेंढरं मी काढली. आमची मेंढरं टेकडीवर जातात ती तात्यांच्या रानातून. दुसरीकडून जाताच येत नाही — एका अंगाला ओढा, दुसऱ्या अंगाला कॉलेजच्या होस्टेलची भिंत. एकोणीस वर्षं भाऊ बोलत नाहीत, पण चाळीस मेंढरं रोज त्यांच्या रानातून जातात आणि त्यावर आजवर कुणी ब्र काढलेला नाही. भांडण माणसांचं, मेंढरांचं काय! आमच्याकडे हे असंच असतं.

तात्या बांधावर उभे होते. सत्तरी उलटली, पण रोज सकाळी येऊन बांधाचे दगड बघतात. एखादा निसटला असेल तर परत बसवतात. मला बघून म्हणाले, "तुज्या बानं हालिवला न्हाई ना एखादा?"

मी हसले. मग पुढं गेल्यावर हसू गेलं. हा माणूस एकोणीस वर्षं घाबरलेला आहे! आबांच्या हातात काठी नाही, कोर्टाचा निकाल नाही, काही नाही. नुसतं 'बघू पुढं' एवढंच म्हणत आलेत ते. तेवढ्यावर हा म्हातारा रोज पहाटे उठतो.

घरी आल्यावर आईला विचारलं. आई एवढी वर्षं दोन्ही घरांतले निरोप इकडून तिकडे पोचवते. तिला सगळं ठाऊक. म्हणाली, "त्यांला दुसरं काय बी नगं. तुज्या बानं येकदा म्हनावं, बांध हाय तितंच ऱ्हाईल. बास."

पोलंडला हेच हवंय. अगदी हेच! आणि मी पत्ता हातात धरून बसलेय. मूर्ख!

६ फेब्रुवारी, शुक्रवार

जिंकले! जिंकले! जिंकले!

नीट लिहायला हवं. बैठक सुरू झाली आणि अजेंड्यावरचं काहीही वाचायच्या आधी मी उभी राहिले. म्हटलं, एकीकरण होवो न होवो, पोलंडची हद्द आज जिथं आहे तिथंच कायमची राहील. आमचा कुठलाही दावा नाही, पुढंही असणार नाही. हे मी लेखी देते. आणि कागद अफिफापुढं ठेवला. सहीसकट.

अफिफानं कागद दोनदा वाचला. पोलंड म्हणून नाही, अफिफा म्हणून माझ्याकडे बघितलं. मग म्हणाली, "पोलंडला जर्मनीच्या एकीकरणावर आक्षेप नाही."

तिथून टेबलच फिरलं. फ्रान्सची भीती होती पोलंडच्या निमित्तानं, ती गेली. ब्रिटन कुरकुरत आला. उत्कर्षानं आमच्या सैन्याच्या आकड्यावर ताणून धरलं. मी तीन लाख सत्तर हजारांवर थांबले. अणुबॉम्ब नको, विषारी वायू नको, रोगजंतूंची हत्यारं नकोत, सगळं सोडलं! आणि बदल्यात काय घेतलं? अख्खा देश. पूर्ण सार्वभौम. मित्र निवडायची मोकळीक. सोव्हिएत सैन्य चौऱ्याण्णव संपेपर्यंत बाहेर. उत्कर्षाला सही करताना पेन सापडेना — मी माझं दिलं!

शेवटी मॅडमनी विचारलं, "हे सुचलं कसं?" म्हटलं, चांद्याच्या बांधावर. वर्ग हसला. हसू दे. जर्मनीची सगळी ताकद इथंच आहे. आपल्या ताकदीची शेजाऱ्याला भीती वाटायची बंद झाली की मग ती ताकद हवी तेवढी वाढवता येते. हे मी कुठं वाचलेलं नाही. हे माझं आहे.

९ फेब्रुवारी

बॉन. मी. ऑक्टोबरपासून.

आईनं साखर वाटली. आबा शेजारपाजारी सांगतायत, "पोरगी जर्मनी एक करून आली."

१० फेब्रुवारी

बाहेर देश जोडायचे आणि घरात दोन भाऊ तसेच ठेवायचे? छे! मी आज आबांना सरळ म्हटलं, हरकत मागे घ्या. बांध आहे तिथं राहील असं तात्यांना लिहून द्या.

आबा ताटावरून उठले.

१२ फेब्रुवारी

"मी लिवून दिलं तर मी हारलो."

"आबा, जर्मनीनं पाव देश सोडला."

"मंग खाल्लं काय त्यांनी?"

आधीपेक्षा जास्त खाल्लं, म्हटलं! युरोपातला सगळ्यांत मोठा कारखानदार झाला तो. आपलं भांडण किती गुंठ्यांचं? दीड. दीड गुंठ्यात काय पिकलं एकोणीस वर्षांत? आबा भाकरी मोडत राहिले. ताटावरून उठले नाहीत. पहिल्या बैठकीपेक्षा बरं!

१४ फेब्रुवारी

आबांनी सकाळी आपण होऊन विचारलं, "कागद कोन लिवनार?"

मी! अजून कोण!

१७ फेब्रुवारी, मंगळवार

पौडला जाऊन आलो. स्टॅम्प पेपर मी घरीच लिहून नेला होता, स्वतःच्या हातानं, माझ्या सगळ्यांत चांगल्या अक्षरात. तीन रात्री खपले त्यावर. बांध आज आहे तीच कायमची हद्द. कुठलाही दावा नाही, पुढंही असणार नाही. तलाठ्याकडची हरकत मागे घेत आहोत. जर्मनीचं वाक्य जसंच्या तसं उतरवलं!

नोटरी म्हणाला, "वाचून घ्या." आबांनी माझ्याकडे बोट केलं. "तिनं लिवलंय. मला काय वाचायचंय?" आणि सही केली. ते सही करतात तेव्हा जीभ जरा बाहेर येते, शाळेतल्या पोरासारखी.

मग तात्यांनी खाली आपली सही केली. सही झाल्यावर आबा म्हणाले, "चल दादा, च्या पिऊ." एकोणीस वर्षांत मी त्यांच्या तोंडून 'दादा' ऐकला नव्हता, 'त्यो गेणबा' असंच ऐकलं होतं. मी नोटरीच्या टपरीमागं जाऊन रडले. आनंदानं. लिहून ठेवते, कारण मी सहसा रडत नाही.

२२ फेब्रुवारी, रविवार

तात्यांच्या अंगणात मटणाचं जेवण. दोन्ही घरं. अफिफालाही बोलावलं होतं. तिचा रोजा, तर तात्यांनी सगळी पंगतच थांबवली. "पोरीचा उपास सुटूं द्या, मंग बसू." पौडहून तिच्या अब्बांनी खजूर पाठवले होते. तात्यांनी ते पहिले आबांच्या हातावर ठेवले. आबांनी एक उचलला आणि अर्धा तोडून तात्यांना दिला.

तात्यांचा मुलगा सिद्धनाथ सगळ्यांना वाढत होता. मला म्हणाला, "तायडे, तुज्यामुळं लई मोटं काम झालं." मी म्हटलं, आहेच मी मोठी! सगळे हसले. आई मात्र अधूनमधून डोळे पुसत होती आणि मिरची लागली म्हणत होती.

मेंढरं आज दुपारी परतताना तात्यांच्या विहिरीवरच पाणी प्यायली. तात्या स्वतः मोटार चालू करून उभे होते.

५ मार्च

व्हिसाची तारीख मिळाली. जर्मन शिकवणी सुरू. 'नाखबार' म्हणजे शेजारी.

११ मार्च

मॅडमनी मला ज्युनियरांपुढं उभं केलं. विषय: युद्धोत्तर जर्मनी आणि संयमाची ताकद. मी बांधाची गोष्ट सांगितली. शेवटी टाळ्या थांबेनात. उत्कर्षा सुद्धा — हो, उत्कर्षा! — बाहेर येऊन म्हणाली, "मला हे कधीच सुचलं नसतं. माझ्याकडे बांधच नाही." मी तिला चहा पाजला. जिंकलेल्यानं उदार असावं.

एका मुलानं विचारलं, "सगळं सोडून दिलं तर आपल्या हातात राहतं काय?" मी म्हटलं, विश्वास. काय उत्तर होतं!

२४ मार्च

सिद्धनाथनं तात्यांचं रान विकलं. बंगल्यांच्या स्कीमला. हरकत होती तोवर गिऱ्हाईक येत नव्हतं. सकाळी चारी बाजूंनी पत्रे लागले, आणि आमची मेंढरं पत्र्याशी जाऊन थांबली.

तात्या वॉचमनला सांगत होते, "आरं, हितनं वाट हाय. आमच्या बाच्या आदीपासनं हाय. मला वाटलं, तुमाला ठावं आसंल." तो म्हणाला, "कागज दिखाओ." आबा घरी जाऊन कागद घेऊन आले. आतल्या साहेबानं तो उभ्याउभ्या वाचला आणि परत दिला. हद्द आहे. दावा नाही, पुढंही असणार नाही. दोन्ही भावांच्या सह्या आहेत. वाटेबद्दल एक शब्द नाही.

आबांनी कागदाची घडी घातली. मेंढरं वळवली आणि परत वाड्यात कोंडली. कागदावरचं अक्षर माझं आहे.