तांदळात लिहिलेलं नाव

अंबरनाथ, सोमवार, १० मे १९५४

हे मी काय करून बसले!

काल मधूभावोजींचं लग्न झालं. लक्ष्मीपूजनाला सासूबाईंनी तांदळाचं ताट पुढे ठेवलं आणि मला म्हणाल्या, "थोरली सून तू. नव्या सुनेला नाव तूच सुचव." पोरीचं माहेरचं नाव कुसुम. चांगलं होतं की! पण बदलायचं म्हणजे बदलायचंच. माझ्या तोंडून निघून गेलं, "शांता." भावोजींनी अंगठीनं तांदळात तेच लिहिलं.

शांता मी होते. सतरा वर्षांपूर्वी अशाच ताटात माझी लक्ष्मी झाली, तोपर्यंत. या घरात ते नाव एकदा ऐकू यावं, एवढाच मोह. एवढाच?

आज सासूबाईंनी हाक मारली, "शांते, पाणी आण गं." मीच "आले" म्हणून उठले. ती पोर जागची हलली नाही. आपल्यालाच बोलावतायत हे तिला कळलंच नाही. बोलणी मात्र तिनं खाल्ली. मग माझ्याजवळ येऊन हळूच म्हणाली, "जाऊबाई, होईल ना मला सवय?" होईल म्हटलं. खोटं बोलले. मला कुठं झालीय?

दुपारी हे कारखान्यातून जेवायला आले. ताटातले ते तांदूळ सकाळी मीच धुऊन शिजवले होते. त्यांचाच भात वाढत होते, तेव्हा म्हणाले, "शांता नाव छान सुचवलंस हो. कुठं ऐकलं होतंस?"