फक्त हात दिसतील

शहागंज, छत्रपती संभाजीनगर
गुरुवार, १२ डिसेंबर २०२४

बानाक्का,

धाकट्या बिरूचा पाया पडून नमस्कार. तू फोन उचलंनास, म्हणून कागद लिहायलोय. दाजींच्या पायाचं प्लास्टर निघालं का? करमाडला थंडी लई असंल. मी दोन टाइम जेवतो, काळजी करू नको.

सिनेमा झाला. लिहिला मी, कॅमेरा माझा, आवाज माझा, कापाकापी माझी, मेंढ्या हाकणारा म्हाताराबी मीच. रविवारी इथं दाखवणार हायेत. तुझा दीर सांडू काल येऊन पास घेऊन गेला.

आता खरं लिहितो. हे दुसऱ्या कुणाकडून वाचून घेऊ नको.

बांगड्या फोडायच्या शॉटला ठरलेली बाई आलीच नाय, तवा मी तुझ्या मागं लागलो. "फक्त हात दिसतील, तोंड नाय," असा शब्द दिला. तू म्हणलीस, "बिरू, जित्या नवऱ्याचा चुडा फोडत नसतेत रं." तरी भावासाठी दगडावर हात आपटलेस अन् खरंच रडाय लागलीस. मी गुपचूप कॅमेरा वर नेला. तुझं तोंड घेतलं.

त्या शॉटनंतर विसाव्या दिवशी जालना रोडवर दाजींची गाडी घसरली. बांगड्या धुणं धुताना फुटल्या, असं तू सासूला सांगितलेलं. आता सांडूनं पडद्यावर तुला बघितलं, तर ते घर तुला ठेवंल का? बघितलेले सगळे म्हणतेत, तोच शॉट सिनेमाचा जीव हाये. मलाबी तसंच वाटतं, अन् याचीच लाज वाटती.

आज सकाळी हिरवा चुडा आणला. मनगटावरचे केस काढले, साबण लावून बांगड्या चढवल्या अन् गच्चीवर दगडावर हात आपटले. दोन जागी काच घुसली. सिनेमात आता तेच हात हायेत. तुझं तोंड काढून टाकलं, मूळ चित्रणसुद्धा पुसलं. शॉट भिकार झालाय. हात बाप्याचे दिसतेत, लोक हसतील. हसू दे.

सोबत दुसरा चुडा पाठवतोय, माहेरचा. तुझं माप कासाराला बरोबर सांगितलंय. दाजींसमोर बसून भर. भरलास की एक मिस कॉल दे. मी उचलणार नाय, नुसता वाजू देईन.

दिलेला शब्द उशिरा पाळणारा,
तुझा बिरू