बाबांचे नाव पुकारले गेले

मायामी, शुक्रवार

प्रिय आई,

आशीर्वाद असावा. आपल्या नाफेरला गाण्याचा पुरस्कार मिळाला! फोनवर बाबा ओरडून बोलतात आणि त्यांना धाप लागते, म्हणून लिहूनच कळवते. आपल्या वायेनातो लोकसंगीताचा विभाग दुपारीच उरकतात, दूरचित्रवाणीवर दाखवतही नाहीत.

"त्या मंचावर माझं नाव पुकारा, मगच डॉक्टरला छाती उघडू देईन," हा बाबांचा हट्ट मी विसरले नव्हते. म्हणून नाफेरला आभाराचे नेटके भाषण लिहून दिले. तुझ्या चिरंजिवांनी ते वाचून विचारले, "ताई, हे आभार आहेत की मयतीचं प्रवचन?"

गाण्यात मध्येच मित्रांची नावे पुकारण्याची आपल्याकडची रीत मला कधीच रुचली नाही. नाफेरने मंचावरही तेच आरंभले. आपल्या वायेदुपार गावचा पाववाला झाला, न्हावी झाला, न्हाव्याची सासूसुद्धा झाली! वेळ संपली. त्याला उतरवण्यासाठी वाद्यवृंद वाजू लागला आणि बाबांचे नाव राहिलेलेच होते.

नाफेरने मात्र कान दिला. "वा मंडळी, झकास सूर धरलात!" म्हणाला आणि त्याच सुरावटीवर गाऊ लागला, "अकॉर्डियनचा भाता शिवणारा माझा बाप, एफ्राइन!" सारे सभागृह उभे राहिले. वरचा स्वर किंचित उतरला होता; मी चालवून घेतला.

बाबा जेवतात ना? तू झोपतेस का? खरे लिही.

त्यांना हे पत्र मोठ्याने वाचून दाखव आणि लगेच रुग्णालयाची पिशवी भर. आता त्यांच्याकडे सबब उरलेली नाही.

तुझी लेक,
नोरेल्बा